भिंतीवरच्या फानबाई

फानबाईंची आणि माझी ओळख कचऱ्यामुळे झाली. जपानात, टोकियोजवळच्या उरायासुत बारा वर्षं काढून, नवऱ्याच्या प्रोजेक्टबरोबर आलेली बायको ते सुपरमार्केटच्या बेकरीत स्वतःचा बाइतो, म्हणजे अर्धवेळ नोकरी, करणारी बाई इतकी मजल मारूनसुद्धा मी अधूनमधून जळणाऱ्या कचऱ्याच्या दिवशी प्लास्टिक बाहेर ठेवतेच. दोन वर्षांपूर्वीच्या फेब्रुवारीत असंच झालं. कचरा नेणाऱ्यांनी माझी पिशवी तिथेच सोडली आणि येणाऱ्याजाणाऱ्यांना दिसेल असं लाल स्टिकर तिच्यावर डकवलं. माझा स्वभाव मुळात फटकळ, त्यात कामावर जायला उशीर झालेला. मी तिथेच उभं राहून त्या पिशवीला मराठीत जे काही सुनावलं ते इथे लिहिण्यासारखं नाही.

मागे वळले तर साठीच्या एक ठेंगण्या बाई, डोक्यावर लोकरीची टोपी, हातात स्वतःची नीट बांधलेली पिशवी, माझ्याकडे टक लावून बघत होत्या. मला वाटलं, आता ही मॅनेजमेंट ऑफिसात तक्रार करणार. त्या म्हणाल्या, "मो इक्काइ." म्हणजे, पुन्हा एकदा.

आणि काय सांगू, मी खरंच पुन्हा बोलले. त्यांनी मान डोलावली, "दुसऱ्यांदा हात जास्त चांगले हलले," म्हणाल्या, आणि खिशातून कार्ड काढून दोन्ही हातांनी माझ्यापुढे धरलं. कार्डावर नाव होतं फान यूरोंग. त्याखाली एकच शब्द : दिग्दर्शक.

आमच्या बिल्डिंगमध्ये मागच्या बाजूला, तळमजल्यावर एक चिनी बाई राहतात एवढं मला ऐकून माहीत होतं. त्या सिनेमे काढतात हे कुणाला माहीत नव्हतं, कारण त्यांचे सिनेमे कुणी बघितलेलेच नव्हते. मी त्यांना तोंडावर फान-सान म्हणायचे आणि मनात पहिल्या दिवसापासून फानबाई. आमचं बोलणं जपानीत चालायचं. माझं जपानी पावाच्या ट्रेवर शिकलेलं, त्यांचं वीस वर्षं स्टुडिओंत मुरलेलं.

त्यांची गोष्ट मला तुकड्यातुकड्यांनी कळली. उत्तर चीनमध्ये, शान्शी प्रांतात, कोळशाच्या खाणींच्या एका गावात त्यांचा जन्म झाला. वडील फिरत्या सिनेमाचं यंत्र चालवायचे. सायकलला रिळांचे डबे बांधून एका खाणीवरून दुसऱ्या खाणीवर जायचे आणि मैदानात पडदा लावायचे. आई खाणीच्या बाहेर, कोळशातून दगड वेचायच्या कामावर होती. पडद्यासमोर गर्दी फार, म्हणून लहानगी यूरोंग पडद्याच्या मागे बसायची. तिथून सगळं उलटं दिसायचं, डावखुरे शिपाई, डावखुरे शेतकरी. "शाळेत गेल्यावर मला कळलं की बहुतेक माणसं उजव्या हाताने जेवतात," हे त्या इतक्या गंभीरपणे सांगतात की थट्टा करतायत की खरं सांगतायत ते समजत नाही.

पुढे त्या बीजिंगला सिनेमा शिकल्या. त्यांच्या वर्गात मुली फक्त तीन होत्या. एकोणतिसाव्या वर्षी पहिला सिनेमा काढला, कोळसा तोलणाऱ्या एका बाईचा. तो गाजला. म्हणजे गाजतोय असं वाटेपर्यंत गाजला. दोन वर्षांनी त्या भाषा शिकायच्या व्हिसावर जपानला आल्या आणि परत गेल्या नाहीत. का, ते मला बरेच दिवस कळलं नाही. इथे भांडी घासली, बेंतोच्या कारखान्यात पट्ट्यावर भाताचे डबे भरले, लग्नांचे व्हिडिओ जोडले, एका टीव्हीच्या कंपनीत वीस वर्षं दुसऱ्यांची कामं कापून सरळ केली. आणि एवढं सगळं करता करता पाच सिनेमे काढले. एक त्सुकुबातल्या निवृत्त शास्त्रज्ञाचा, जो अख्ख्या गावाच्या सायकली फुकट दुरुस्त करतो. एक बेंतोच्या पट्ट्यावरच्या बायकांचा. नागोयाच्या एका छोट्या महोत्सवात त्यांना एकदा बक्षीस मिळालं होतं, एक जड काचेचा ठोकळा. तो त्या लोणच्याच्या बरणीवर वजन म्हणून ठेवतात.

एकदा मी आगाऊपणा करून विचारलं, "तुम्हाला वाईट नाही वाटत? इतकी वर्षं, आणि म्हणावं तसं यश नाही."

त्यांनी चहाचा घोट घेतला. "मी सहा सिनेमे काढले. सहाही पूर्ण केले. सहा गोष्टी सुरू करून सहाही पूर्ण केलेली किती माणसं तुला माहीत आहेत?"

मी माझ्या अर्ध्या विणलेल्या स्वेटरची, सोडलेल्या योगाच्या क्लासची आणि जपानी भाषेच्या दुसऱ्या पातळीच्या परीक्षेची आठवण काढली आणि त्यांच्या कपात आणखी चहा ओतला.

सातवा सिनेमा माझ्यावर होता. म्हणजे माझ्यासारख्या बाईवर. पुण्याची एक बाई, नवऱ्याच्या नोकरीपायी उरायासुत राहणारी. तिची आई तिकडे पुण्यात वारते. ही विमान पकडून पोचेपर्यंत सगळं उरकलेलं असतं. ही परत येते, डबे करते, कचरा वेगळा करते, पाव भाजते, आणि एक दिवस घरात कुणी नसताना आईचा फोटो भिंतीवर लावते. गोष्ट एवढीच. नायिका मी. मी सांगून बघितलं की शाळेच्या गॅदरिंगमध्ये मी एकदाच स्टेजवर गेले होते आणि तेही झाड म्हणून. "उत्तम," फानबाई म्हणाल्या, "झाडं अभिनय करत नाहीत."

त्यांची कामाची पद्धत अशी की कागदावर संवाद नसतात. हातांनी काय करायचं तेवढं लिहिलेलं असतं. कांदा चिरा, तीन चादरींच्या घड्या करा, दाराचं कुलूप दोनदा तपासा. तोंडाने काय बोलायचं ते हात सुचवतील, असं त्यांचं म्हणणं. आणि प्रत्येक सिनेमाची सुरुवात त्यांच्याकडच्या रिवाजाने व्हायची. कॅमेऱ्यावर लाल कापड घालायचं, पुढे संत्री मांडायची, उदबत्ती लावायची, मग दिग्दर्शकाने कापड ओढून काढायचं. मी बघितल्यावर म्हटलं, अहो, ही तर आमची दसऱ्याची पूजा! बेकरीतल्या ओव्हनला मी गुपचूप झेंडू वाहते हे मी त्यांना सांगितलं. तेव्हापासून आमचं विशेष जमलं.

पुढच्या वर्षी मार्चमध्ये शूटिंग झालं. माझ्या घरी पुष्करच्या, म्हणजे माझ्या नवऱ्याच्या, ऑफिसच्या मीटिंगा दिवसभर चालतात, म्हणून शेजारच्या तेजश्रीचं घर घेतलं होतं. ती महिनाभर भारतात गेली होती आणि रविवारी सकाळी परतणार होती. सगळं ठरल्याप्रमाणे झालं. उरला तो शेवटचा प्रसंग, फोटोचा, आणि त्यासाठी गुरुवार ते शनिवार असे तीन दिवस. कॅमेरामन ओकुदा-सान सत्तरीचे, त्यांनी मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी सोमवारची तारीख घेतली होती. फानबाईंनी साठवलेलं सगळं या सिनेमात घातलेलं होतं. हा प्रसंग झाला नाही तर सातवा सिनेमा अपुरा राहणार, आणि अपुरं ठेवणं त्यांना माहीत नव्हतं.

गुरुवारी त्यांनी पिशवीतून फ्रेम काढली आणि माझ्या हातात दिली. फोटो फानबाईंचा स्वतःचाच होता. महिनाभरापूर्वी त्यांनी माझी एक साडी मागून नेली होती, ती नेसून, कपाळाला टिकली लावून काढलेला.

"हे काय?"

"तुझी आई," त्या म्हणाल्या. "माझ्या इथल्या सगळ्या सिनेमांत मेलेल्या माणसाचा फोटो माझाच असतो."

खरंच होतं ते. शास्त्रज्ञाच्या घरात त्याची वारलेली बायको म्हणून फानबाई. बेंतोच्या सिनेमात आजी म्हणून फानबाई. एका सिनेमात तर मिशी लावून कुणाचे तरी काका. मी कारण विचारलं तर म्हणाल्या, "स्वस्त पडतं."

फोटोला त्यांनी काळी फीत लावायचं ठरवलं होतं. इथे मी शहाणपणा केला. म्हटलं, आमच्यात फीत नसते, हार असतो, चंदनाचा. त्यांचे डोळे चमकले. "हार तू स्वतःच्या हाताने घालशील?" मी हो म्हणून गेले आणि मग लक्षात आलं की समोर जिवंत उभ्या असलेल्या बाईच्या फोटोला मला हार घालायचा आहे. लहानपणी शाळेत कुणी गंमत म्हणून मैत्रिणीच्या फोटोभोवती फुलं काढली तरी बाई कान पिळायच्या. मी आपल्याच हाताने पायावर धोंडा पाडून घेतला होता.

तरी मी मनाचा हिय्या केला. हार घेऊन पुढे गेले, वर बघितलं, आणि फानबाई माझ्या आंब्याच्या रंगाच्या साडीत, पदर उलट्या खांद्यावर घेऊन, पासपोर्टच्या फोटोसारख्या तोंडाने माझ्याकडे बघत होत्या. मला हसू फुटलं. मो इक्काइ. पुन्हा हसू. अकरा वेळा मो इक्काइ झालं. माझी चौदा वर्षांची मुलगी मिताली क्लॅप धरायला आली होती, ती भिंतीला टेकून हसत होती. "मुरी," ती म्हणाली. जमणार नाही, असं. आमची मिताली मराठी सगळं समजते आणि उत्तर जपानीत देते.

शुक्रवारी मी तोडगा काढला. आमच्या घरी सासूबाईंचा फोटो आहेच. खरा फोटो, खरा हार, माणूस खरंच गेलेलं, कुणाला काही बाधायचा प्रश्न नाही. पुष्करची परवानगी काढून फोटो आणला. फोटो लावला, हार घातला, उभी राहिले. डोळ्यांत टिपूस नाही. उलट माझी पाठ ताठ झाली, ओढणी आपोआप सारखी केली गेली.

फानबाई कॅमेऱ्यामागून म्हणाल्या, "तू साहेबापुढे उभी असल्यासारखी का उभी आहेस?"

आता सासूबाईंच्या फोटोपुढे मला रडू येईना, हे पुष्करला घरी जाऊन सांगायची काही सोय नव्हती. शुक्रवारही गेला.

संध्याकाळी आईशी व्हिडिओ कॉल असतो. माझी आई अनुराधाबाई, वय शहात्तर, पुण्यात माझ्या भावाकडे, जयेशकडे असते. तीस वर्षं सरकारी दवाखान्यात नर्स होती, शेवटी शेवटी मेट्रन. अजूनही कुणी शिंकलं की आधी त्याची जीभ बघते. मी तिला सगळी रड सांगितली.

"मग माझा लाव की," आई म्हणाली.

"काय लाव?"

"फोटो गं. सिनेमात आई मेलीय ना? मग आईचाच लाव. सासूचा लावून कोण रडणार आहे?"

"आई, गप्प बस. काहीतरीच बोलतेस."

"अगं, माणूस मेल्याची खोटी बातमी उठली की त्याचं आयुष्य वाढतं, म्हणतात. मला फुकटात पाच-दहा वर्षं मिळाली तर तुझं काय जातंय?"

मागून जयेश ओरडला, "तायडे, तुला तिकडे राहून अक्कल गहाण पडली का?" मी फोन ठेवला. रात्री जेवण गेलं नाही. पण खरं सांगायचं तर आईचा फोटो म्हटल्याबरोबर माझ्या डोळ्यांत जे पाणी आलं, ते दोन दिवसांत एकदाही आलं नव्हतं, आणि ते मला कळलं होतं.

शनिवारी सकाळी मी फानबाईंना सांगितलं. वाटलं, खूश होतील. त्यांनी हातातला कप खाली ठेवला. "नाही," म्हणाल्या. "जिवंत आईचा फोटो नाही. सिनेमा राहिला तर राहू दे."

राहू दे हा शब्द त्यांच्या तोंडून मी पहिल्यांदा ऐकला. ओकुदा-साननीही मान वर केली. मग त्यांनी सांगितलं, आणि जपानला आल्यावर परत का गेल्या नाहीत तेही त्यातच आलं.

त्यांच्याकडे सिनेमाच्या धंद्यात एक रीत आहे. कुणी पडद्यावर मेला, किंवा कुणाचा फोटो मेलेल्याचा म्हणून लावला, की त्या दिवसाचं काम संपायच्या आत त्याच्या हातात लाल पाकीट द्यायचं. आत नवी कोरी नोट. अशुभ तिथल्या तिथे फिटतं. पहिल्या सिनेमात कोळसा तोलणाऱ्या बाईची मेलेली आई दाखवायची होती. एकोणतीस वर्षांच्या दिग्दर्शिकेने आपल्या आईचा फोटो लावला. आई आनंदाने हो म्हणाली होती. पाकीट तयार होतं, कॅमेऱ्याच्या पेटीत. पण त्या दिवशी जनरेटर बंद पडला, मग पाऊस, मग धावपळ, आणि पाकीट द्यायचं राहून गेलं. पुढच्या हिवाळ्यात आई वारली. सिनेमा गावात लागला तेव्हा पडद्यावर तिचा फोटो आला आणि मैदानातली माणसं उठून निघून गेली. पोरीने सिनेमासाठी आईला खाल्लं, असं एक म्हातारी सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलली. वडील काही बोलले नाहीत, आणि तेच यूरोंगला सहन झालं नाही.

"माझा यावर विश्वास नाही," फानबाई म्हणाल्या. "मी शिकलेली बाई आहे. पण तेव्हापासून फोटो माझाच."

इतका वेळ ज्या बाईला मी सिमेंटची समजत होते ती खाली ठेवलेला कप टेबलावर उगाच इकडून तिकडे सरकवत होती. मला त्यांचा इतका कळवळा आला की मी कुणालाही न विचारता आईला फोन लावला. पुण्यात सकाळचे साडेसात वाजले होते. आई चहाला बसली होती. मी भरभर सगळं सांगितलं.

"तिला समोर बसव," आई म्हणाली. "आणि मिताली कुठाय? मितू, मी बोलते ते तसंच्या तसं सांगायचं. मध्ये आपलं काही घालायचं नाही."

मितालीने फोन हातात धरला. एवढी मोठी जबाबदारी तिच्यावर कुणी कधी टाकली नव्हती.

"विचार तिला, तिची आई कशाने गेली?"

मितालीने विचारलं. उत्तर आलं. मिताली मग चक्क मराठीत बोलली, अडखळत, शब्द वेचत. "आजी, त्या म्हणतात... छातीमुळे. खूप वर्षं खोकला होता. शेवटी श्वास घ्यायला नाही जमायचा."

"काम काय करायची?"

"कोळसा. कोळशातून दगड वेगळे."

"किती वर्षं?"

"बावीस."

"तोंडाला फडकं तरी बांधायची का?"

मितालीने विचारलं. फानबाईंनी नकारार्थी मान हलवली.

आईने चहाचा कप बाजूला ठेवला. हा तिचा वॉर्डातला चेहरा, मला लहानपणापासून माहीत असलेला. "मग तिला सांग, तुझी आई फोटोने नाही गेली. फुफ्फुसांनी गेली. मी तीस वर्षं माणसं जाताना बघितलीत. कोळशाने गेलेली बघितलीत, दारूने, बाळंतपणात, डॉक्टर वेळेवर आला नाही म्हणून गेलेली बघितलीत. फोटो लावला म्हणून गेलेलं एक माणूस मी बघितलेलं नाही. आणि तिला म्हणावं, तो सिनेमा निघाला तेव्हा तिच्या आईचा आजार दहा वर्षं जुना झालेला असणार. मेट्रन सांगतेय म्हणावं."

मितालीने सगळं सांगितलं. मेट्रनला जपानीत काय म्हणतात ते तिला येत नव्हतं, तिने 'हॉस्पिटलमधली सगळ्यात मोठी' असं सांगितलं. फानबाईंनी टोपी काढली, केसांवरून हात फिरवला, टोपी पुन्हा घातली. बत्तीस वर्षांत ही गोष्ट त्यांना कुणीच सांगितली नव्हती. कुणी सांगणार तरी कसं? त्यांनी कुणाला विचारलंच नव्हतं.

"फोटो पाठवायला सांग," त्या मला म्हणाल्या. मग ओकुदा-सानकडे वळून, "अडीच वाजता. प्रकाश डावीकडून."

जयेशने कुरकुरत आईचा फोटो पाठवला. मी कोंबिनीत, म्हणजे कोपऱ्यावरच्या चोवीस तास उघड्या दुकानात, जाऊन तिथल्या मशीनवर तो मोठा छापून आणला. फ्रेम फानबाईंच्याच फोटोची रिकामी केली, हार सासूबाईंचा उसना घेतला. पुष्कर म्हणाला, "आईचा हार?" मी म्हटलं, "संध्याकाळी परत देते," आणि त्याने शहाण्यासारखं पुन्हा लॅपटॉपमध्ये डोकं घातलं.

आईची एकच अट होती : तिला बघायचं होतं. स्वतःला हार घातलेला बघायचं भाग्य कुणाला मिळतं, म्हणाली. मी शपथ घालून सांगितलं की तोंड उघडायचं नाही. फोन कॅमेऱ्याखाली स्टुलावर उभा केला.

कागदावर लिहिलं होतं : कणीक मळा. हात धुवा. पुसा. फोटो लावा. हार घाला. उभ्या रहा.

मी कणीक मळली. हात धुतले, पुसले. खिळ्यावर फोटो अडकवला. आई त्यात हसत होती, जयेशच्या मुलाच्या मुंजीतला फोटो, कानात माझ्या पहिल्या पगाराच्या कुड्या. मी हार उचलला आणि तो फ्रेमवर टाकताना मला एकदम कळलं की हे मला एक दिवस खरंच करायचं आहे. असंच, इथेच उरायासुत, कणीक मळलेल्या हातांनी. आणि त्या दिवशी फोनच्या पलीकडे कुणी नसेल. मी रडले. अभिनयबिभिनय काही नाही, मी नाकडोळे एक करून, खांदे हलेपर्यंत रडले. खोलीत दुसरा आवाज नव्हता.

आणि स्टुलावरून आवाज आला, "दीप्ती, हार वाकडा झालाय गं. उजवीकडून जरा वर घे."

मी म्हटलं, "हो आई," आणि नाक ओढत हार उजवीकडून वर घेतला. मागे होऊन बघितलं. सरळ झाला होता. मग मला हसू आलं, रडणं थांबलेलं नसतानाच.

ओकुदा-साननी घाबरून फानबाईंकडे बघितलं. प्रसंग नासला होता. फानबाईंनी हात वर केला, थांबू नका असा. कॅमेरा चालू राहिला. मी पदराने, नव्हे ओढणीने, डोळे पुसले, फोटोवरची एक बोटखूण पुसली आणि उरलेली कणीक मळायला गेले. कागदावर ते नव्हतं.

"योशी," फानबाई म्हणाल्या. झालं. मो इक्काइ त्या म्हणाल्या नाहीत. इथल्या सहाही सिनेमांत पहिल्यांदा, असं ओकुदा-साननी मला नंतर सांगितलं.

आवाज काढून टाकावा असं दोघातिघांनी त्यांना सुचवलं. मेलेली बाई बोलते कशी? फानबाईंचं एकच उत्तर : "सगळ्या मेलेल्या आया बोलतात. माझी रोज बोलते. हिची फक्त रेकॉर्ड झाली." त्यांच्यापुढे कुणाचं काही चाललं नाही.

नोव्हेंबरात टोकियोच्या एका साठ खुर्च्यांच्या थिएटरात सिनेमा लागला. एकेचाळीस माणसं होती, फानबाईंच्या मते ही गर्दी. त्यात माझी आई होती. तीन महिन्यांच्या व्हिसावर आली होती, काठाची साडी, पायात मितालीचे स्नीकर्स. पडद्यावर तिचा आवाज आला तेव्हा अख्खं थिएटर आधी दचकलं, मग हसलं, आणि मग कितीतरी माणसं पिशव्यांमध्ये रुमाल शोधायला लागली. शेवटी प्रश्नोत्तरं झाली. एका गृहस्थांनी उठून अदबीने विचारलं, तो आवाज म्हणजे आत्मा समजायचा का?

"नाही," फानबाई माइकवर म्हणाल्या. "त्या शेवटच्या रांगेत बसल्या आहेत."

चाळीस माना वळल्या. आईने उभं राहून सगळ्यांना नमस्कार केला, बक्षीस समारंभाला करतात तसा.

बाहेरच्या छोट्या खोलीत फानबाई आमच्याकडे आल्या. त्यांनी दोन्ही हातांनी आईपुढे लाल पाकीट धरलं. शूटिंगच्या दिवशीच त्यांनी ते फोनसमोर धरून आईला दाखवलं होतं आणि भेटेन तेव्हा देईन म्हणून सांगितलं होतं. आईने ते डोळ्यांना लावलं, पर्समध्ये ठेवलं. मग मितालीला म्हणाली, "विचार तिला. तिच्या आईचं राहिलं होतं, ते पाकीट कुठाय?"

मितालीने विचारलं. फानबाईंनी कायम बरोबर असणारी कॅमेऱ्याची पेटी उघडली. सुरुवातीच्या पूजेचं लाल कापड घडी करून ठेवलेलं होतं, त्याच्या घडीतून त्यांनी एक पाकीट काढलं. रंग उडून विटकरी झालेलं, कोपरे मऊ पडलेले, तोंड अजून बंद. बत्तीस वर्षं ते त्यांच्याबरोबर प्रत्येक शूटिंगला गेलं होतं.

आईने हात पुढे केला. "दे म्हणावं माझ्याकडे."

मिताली माझ्याकडे बघायला लागली.

"तसंही मला आता तिकडेच जायचंय," आई म्हणाली. "तिची आई भेटली की हातात देते. पोरीने द्यायचं ठेवलं होतं, गडबडीत राहिलं, एवढंच सांगते. सांग तिला, मितू, तसंच्या तसं."

मितालीने सांगितलं. हळूहळू, एकही शब्द न गाळता. सांगताना तिचाच आवाज मध्ये फुटला. फानबाईंनी पाकीट दोन्ही हातांत धरलं, कमरेत खूप खाली वाकल्या आणि तशाच वाकलेल्या अवस्थेत ते आईच्या हातात दिलं. बराच वेळ त्या वर आल्या नाहीत. आईने मग त्यांच्या टोपीवर हात ठेवला आणि त्यांना उभं केलं.

दोन्ही पाकिटं पर्समध्ये एकावर एक ठेवून आईने चेन लावली, आणि लावता लावता मितालीला म्हणाली, "आणि हेही सांग. मला घाई नाही."